येशू एकच, बायबल एकच, मग आयर्लंडमध्ये एवढं रक्त का सांडलं?

प्रश्न एका ताईंचा आहे. माहेर वसईचं, कॅथलिक. सासर अहमदनगरचं, प्रोटेस्टंट. त्या लिहितात की सर, आमच्या घरात फरक म्हटला तर एवढाच की मी मिस्साला जाते आणि सासरचे उपासनेला, आमच्याकडे फादर त्यांच्याकडे पाळक, आम्ही रोझरी म्हणतो ते म्हणत नाहीत, बाकी नाताळचा फराळ सगळे एकत्रच करतो, मग नॉर्दर्न आयर्लंडमध्ये हेच दोन पंथ तीस वर्षं एकमेकांचे जीव का घेत होते, तो वाद धर्माचा होता की राजकारणाचा, आणि आम्ही तिकडे राहत असतो तर आमचं काय झालं असतं?

मी कॉलेजात सत्तावीस वर्षं इतिहास शिकवला, त्यातली बरीच वर्षं आधुनिक युरोप, आणि आयर्लंडचा धडा आला की दर वर्षी कोणी ना कोणी हाच प्रश्न विचारायचं. मुलगी नोकरीला बेलफास्टला गेल्यापासून दोनदा तिकडे जाऊन राहून आलो, त्यामुळे पुस्तकात वाचलेलं थोडं पायाखालीही घालता आलं. उत्तर लांबणार आहे ताई, चहा घेऊन बसा.

आधी थोडक्यात माझं मत सांगतो मग खुलासा करतो. नुसत्या श्रद्धेच्या फरकातून हे भांडण पेटलं नाही, पण धर्माचा काही संबंधच नव्हता असंही मी म्हणणार नाही. झालं असं की तिथल्या सत्तेने चारशे वर्षं जमीन देताना, नोकरी देताना, घर देताना, मत देताना आधी विचारलं की तू कॅथलिक का प्रोटेस्टंट. सरकार जो प्रश्न विचारतं तोच शेजारी विचारायला लागतो. तुमच्या वसई आणि नगरच्या बाबतीत असं कधी झालंच नाही. वसईचे कॅथलिक पोर्तुगीजांच्या काळातले, नगरचे प्रोटेस्टंट अमेरिकन मराठी मिशनमुळे, जे १८१३ ला मुंबईत आलं आणि १८३१ ला नगरला पोचलं, पण कोणत्याही सरकारने एकाची जमीन काढून दुसऱ्याला दिली नाही, की एकाला मत आणि दुसऱ्याला नाही असं केलं नाही. म्हणून तुमच्याकडे तो फरक मिस्सा आणि उपासनेपुरता राहिला.

श्रद्धेतला फरक पटकन सांगतो कारण तो तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहिती आहे. १५१७ साली जर्मनीत विटेनबर्गला मार्टिन ल्यूथरने पापक्षमेच्या चिठ्ठ्या विकण्याच्या विरोधात ९५ मुद्दे मांडले, त्यातून पुढे पोपचा अधिकार, संतांची मध्यस्थी, मिस्सात भाकरीचं खरंच ख्रिस्ताचं शरीर होतं का, तारण श्रद्धेने की कर्मानेही, हे सगळे प्रश्न उघडे पडले. युरोपात यावर लढाया झाल्या, पण राजांनी त्यात आपापलं साधून घेतलं. १५५५ चा ऑग्सबर्गचा तह म्हणजे सरळ सरळ जो राजाचा धर्म तोच प्रजेचा. आणि १६१८ ते १६४८ च्या तीस वर्षांच्या युद्धात कॅथलिक फ्रान्स, तेही एका कार्डिनलच्या हाती कारभार असताना, प्रोटेस्टंटांच्या बाजूने उतरला कारण त्यांना ऑस्ट्रिया आणि स्पेनवर राज्य करणाऱ्या, कॅथलिकच असलेल्या हॅब्सबर्ग घराण्याची ताकद मोडायची होती. मुलांना मी हे उदाहरण आवर्जून द्यायचो.

आता आयर्लंड. इंग्लंडच्या आठव्या हेन्रीने १५३४ ला पोपशी संबंध तोडले आणि चर्चचा प्रमुख स्वतः झाला, १५४१ ला तो आयर्लंडचाही राजा झाला. पण आयर्लंडची जनता कॅथलिकच राहिली. गेलिक बोलणारे तर राहिलेच, पण आधीच्या शतकांत तिथे जाऊन वसलेले जुने इंग्रजही कॅथलिकच राहिले. म्हणजे राज्यकर्ता एका पंथाचा आणि रयत दुसऱ्या पंथाची अशी स्थिती झाली, आणि इंग्लंडला सतत धास्ती की स्पेन किंवा फ्रान्सचा कॅथलिक राजा आयर्लंडच्या मागच्या दाराने आत येईल. ही धास्ती काल्पनिक नव्हती, १६०१ ला किन्सेलला स्पेनचं सैन्य खरंच उतरलं होतं.

तिथे आयरिश सरदार हरले आणि १६०७ ला उत्तरेतले मोठे सरदार जहाजात बसून युरोपात निघून गेले. त्यांची जमीन सरकारने जप्त केली. आणि १६०९ पासून जे सुरू झालं त्याला अल्स्टरचं, म्हणजे आयर्लंडच्या उत्तरेकडच्या प्रांताचं, प्लँटेशन म्हणतात. हा शब्द नीट समजून घ्या, इथे झाडं लावायची नव्हती, माणसं लावायची होती. सहा काउंट्यांतली, म्हणजे जिल्ह्यांतली, जप्त जमीन स्कॉटलंड आणि इंग्लंडमधून आणलेल्या प्रोटेस्टंट लोकांना वाटली, अट अशी की कुळंही तिकडूनच आणा. लंडनच्या व्यापारी कंपन्यांना डेरी शहर आणि आजूबाजूचा मुलूख दिला, म्हणून त्या शहराच्या नावाला पुढे लंडन चिकटलं, लंडनडेरी. आजही नुसतं डेरी म्हटलं की समोरचा ओळखतो हा कुठल्या बाजूचा आणि लंडनडेरी म्हटलं तरी ओळखतो. एका शहराचं नाव घेताना माणसाला चारशे वर्षांपूर्वीच्या जमीनवाटपात बाजू घ्यावी लागते, हे मला पहिल्यांदा कळलं तेव्हा मी खरंच सुन्न झालो होतो.

ज्यांची जमीन गेली ते कुठे गायब झाले नाहीत, तिथेच डोंगराकडच्या हलक्या जमिनीवर किंवा नव्या मालकांची कुळं म्हणून राहिले. आणि १६४१ ला उठाव झाला. पोर्टाडाऊनच्या पुलावरून शंभरेक प्रोटेस्टंट बायका, पोरं, पुरुष नदीत ढकलून मारले, जे वाचले त्यांच्या जबान्या घेतल्या गेल्या, त्या आजही डब्लिनच्या ट्रिनिटी कॉलेजात आहेत. प्रोटेस्टंट घरांमध्ये ही आठवण पिढ्यान्‌पिढ्या सांगितली गेली. मग १६४९ ला इंग्लंडच्या संसदेचा सेनापती क्रॉमवेल उतरला, द्रोएडाला त्याच्या सैन्याने कत्तल केली, वेक्सफर्डला केली, ती आठवण कॅथलिक घरांमध्ये सांगितली गेली. दोन्हीकडच्या आजीजवळ खरी घडलेली गोष्ट होती हे लक्षात घ्या, यातली एकही बनवलेली नाही. आणि या सगळ्यात जमिनीचं काय झालं ते बघा. १६४१ ला आयर्लंडची साधारण ६० टक्के जमीन कॅथलिकांकडे होती, क्रॉमवेलनंतर ती वीसेक टक्क्यांवर आली आणि १७०३ ला १४ टक्के. मी फळ्यावर फक्त हे तीन आकडे लिहायचो.

१६९० ची बॉईनची लढाई तुम्ही ऐकली असेल, दर वर्षी १२ जुलैला नारिंगी पट्टे घालून मिरवणुका निघतात त्या तिच्याच. इंग्लंडच्या गादीवरून हटवलेला कॅथलिक राजा जेम्स विरुद्ध त्याच्या जागी आलेला प्रोटेस्टंट विल्यम. पण त्या वेळी फ्रान्सचा चौदावा लुई जेम्सच्या पाठीशी होता आणि लुईचं पोपशी अनेक वर्षं वाकडं होतं, म्हणजे युरोपच्या राजकारणात पोपचं हित विल्यमच्या बाजूला जास्त होतं. बेलफास्टच्या भिंतींवर पांढऱ्या घोड्यावरचा विल्यम रंगवलेला दिसतो, त्यात हा तपशील मावत नाही.

त्यानंतर आले ते दंडात्मक कायदे, पीनल लॉज. कॅथलिक माणसाला पाच पौंडांच्या वरचा घोडा ठेवायचा हक्क नाही, कोणीही प्रोटेस्टंट पाच पौंड पुढे करून तो घोडा घेऊन जाऊ शकतो. १७०४ च्या कायद्यात तर वारसाहक्काला हात घातला, कॅथलिक बाप मेला की जमीन सगळ्या मुलांत सारखी वाटायची म्हणजे तुकडे पडून घराणं संपेल, पण थोरल्याने धर्म बदलून सरकारी चर्च स्वीकारलं की सगळी जमीन त्याची. ज्यांच्या घरी भाऊबंदकीत वाटण्या झाल्यात त्यांना मी सांगायला नको की हा कायदा घरात शिरून काय करत असेल, बापाला मुलाची भीती वाटेल असा तो कायदा. १७२८ ला मताचा हक्कही गेला. प्रार्थनेवर कायद्याने जेवढा जोर दिला नाही तेवढा जमिनीवर आणि मतावर दिला.

आणि इथे एक गोष्ट आहे जी बहुतेकांना माहीतच नसते, आणि माझ्या मते सगळ्या प्रश्नाची किल्ली तिच्यात आहे. हे कायदे फक्त कॅथलिकांच्या विरोधात नव्हते. सरकारी चर्च होतं अँग्लिकन. स्कॉटलंडहून आलेले बहुतेक प्रोटेस्टंट होते प्रेस्बिटेरियन, म्हणजे बिशप न मानणारे. १७०४ च्याच कायद्यात अट घातली की सरकारी पद हवं तर अँग्लिकन चर्चमध्ये प्रभुभोजन घेतलं पाहिजे. ज्या डेरी शहराने १६८९ ला १०५ दिवसांचा वेढा सोसून विल्यमचं राज्य वाचवलं, त्याच शहराच्या नगरपालिकेतून प्रेस्बिटेरियन लोकांना बाहेर काढलं. त्यांच्या पाळकाने लावलेलं लग्न बराच काळ कायदेशीर धरत नसत, म्हणजे मुलं अनौरस. आणि अँग्लिकन चर्चचा धारा मात्र सगळ्यांनी भरायचा, कॅथलिकांनीही आणि प्रेस्बिटेरियनांनीही. हजारो प्रेस्बिटेरियन वैतागून अमेरिकेला गेले.

मग जे उरले त्यांनी काय केलं? १७८४ ला बेलफास्टमधलं पहिलं कॅथलिक चर्च, सेंट मेरीज, उघडलं तेव्हा गावातल्या प्रोटेस्टंटांनी वर्गणी दिली होती आणि पहिल्या मिस्साच्या दिवशी प्रेस्बिटेरियन स्वयंसेवक गणवेशात चर्चच्या अंगणात मानवंदनेला उभे राहिले. ते चर्च आजही आहे, चॅपल लेन नावाच्या बोळात, दुकानांच्या गर्दीत, मी तिथे अर्धा तास नुसता बसून होतो. १७९१ ला त्याच बेलफास्टमध्ये युनायटेड आयरिशमेन ही संघटना निघाली, संस्थापक बहुतेक प्रेस्बिटेरियन, विचार फ्रेंच क्रांतीचे, मागणी अशी की कॅथलिक, अँग्लिकन, प्रेस्बिटेरियन ही नावं बाजूला ठेवून सगळे आयरिश म्हणून उभे राहू. त्यांचा मोठा नेता वुल्फ टोन हा जन्माने अँग्लिकन. १७९८ ला त्यांनी उठाव केला, तो चिरडला गेला, आणि हेन्री जॉय मॅक्रॅकन या प्रेस्बिटेरियन तरुणाला बेलफास्टच्या बाजारात जुलै महिन्यात फाशी दिलं. म्हणजे जे लोक पुढे ब्रिटिश राजवटीचे सगळ्यात कट्टर पाठीराखे झाले, त्यांचेच पणजोबा कॅथलिकांबरोबर त्या राजवटीविरुद्ध लढले होते. पंथ तोच, चर्च तेच, बायबल तेच. नुसत्या पंथामुळे वैर होतं असं ज्यांना वाटतं त्यांनी मला १७९८ समजावून सांगावं.

मग बदललं काय? बरंच काही आणि हळूहळू. १७९८ लाच दक्षिणेत वेक्सफर्डकडे स्कलाबोग नावाच्या ठिकाणी बंडखोरांनी शंभरावर लोकांना, बहुतेक प्रोटेस्टंट, कोठारात जाळलं, ती बातमी उत्तरेत पोचली तेव्हा एकत्र लढायची हौस बऱ्याच जणांची फिटली. १७९५ ला उत्तरेतल्या आर्माच्या शेतकऱ्यांच्या भांडणातून ऑरेंज ऑर्डर ही प्रोटेस्टंटांची संघटना निघाली होती, तिला जमीनदारांनी बळ दिलं. १८०१ पासून आयर्लंड ब्रिटनमध्ये विलीन झालं आणि प्रेस्बिटेरियनांना हळूहळू जे हवं होतं ते त्याच राज्यात मिळत गेलं. आणि बेलफास्ट वाढलं, १८०१ ला वीसेक हजार वस्ती होती ती १९०१ ला साडेतीन लाखांच्या आसपास गेली, लिननच्या गिरण्या, जहाजबांधणी, सगळा माल साम्राज्याच्या बाजारात. तिकडे दक्षिणेत आणि पश्चिमेत १८४५ पासूनच्या बटाट्याच्या दुष्काळात दहा लाख माणसं मेली. एकाच बेटावर एका टोकाला ब्रिटनशी जोडलेलं राहणं म्हणजे पोटापाण्याची सोय आणि दुसऱ्या टोकाला तेच म्हणजे उपासमार, असं झाल्यावर दोघांना एकच देश हवा कसा वाटणार. त्यात खेड्यातले कॅथलिक कामासाठी बेलफास्टला आले, गिरणीतल्या नोकरीसाठी चढाओढ, वस्त्या वेगळ्या, दंगली सुरू. आपल्याकडे गिरणगावात वस्त्या कशा गावागावाच्या, जातीजातीच्या होत्या ते ज्यांनी पाहिलंय त्यांना हे चित्र पटकन कळेल.

मग आला होमरूलचा प्रश्न, म्हणजे आयर्लंडचा कारभार डब्लिनच्या स्वतःच्या संसदेकडे द्यायचा का. लोकमान्य टिळकांनी एप्रिल १९१६ ला बेळगावात होमरूल लीग काढली, तो होमरूल शब्द आयर्लंडहूनच आला, आणि त्याच एप्रिलमध्ये डब्लिनला ईस्टरचा उठाव झाला. आयर्लंडमध्ये होमरूलची मागणी करणाऱ्या पक्षाचा सगळ्यात मोठा नेता पार्नेल हा प्रोटेस्टंट जमीनदार होता हेही लक्षात ठेवा. पण उत्तरेतल्या बहुसंख्य प्रोटेस्टंटांनी ठरवलं की डब्लिनला संसद म्हणजे आपल्यावर रोमचं राज्य. २८ सप्टेंबर १९१२ ला होमरूलच्या विरोधातल्या करारपत्रावर सह्या झाल्या, सुमारे २ लाख ३७ हजार पुरुष आणि २ लाख ३४ हजार बायका. १९१४ ला त्यांनी होमरूलला विरोध करायला उत्तरेतल्या लार्न बंदरात रात्रीतून हजारो रायफली उतरवल्या.

ही भीती निव्वळ द्वेषातून आली असं माझे काही सहकारी शिकवायचे, मला ते पटत नाही. १९०८ पासून रोमचा नियम लागू झाला, ने तेमेरे म्हणतात त्याला, की मिश्र लग्न कॅथलिक फादरसमोरच झालं पाहिजे नाहीतर ते लग्नच नाही, आणि मुलं कॅथलिक म्हणून वाढवायचं वचन आधी द्यायचं. छोट्या समाजाला हे म्हणजे आपली पुढची पिढी संपणार असं वाटलं. आणि स्वतंत्र झाल्यावर दक्षिणेत काय झालं? १९३७ च्या घटनेत कॅथलिक चर्चला विशेष स्थान, जे १९७० च्या दशकात काढलं, घटस्फोटाला बंदी, जी १९९५ च्या जनमत चाचणीने उठली, आणि प्रोटेस्टंट लोकसंख्या १९११ ला दहा टक्क्यांच्या आसपास होती ती १९९१ पर्यंत तीनेक टक्क्यांवर आली. त्यात ब्रिटिश सैनिक आणि अधिकारी निघून गेले तेही आहेत, पण सगळे तेच नाहीत.

१९२१ ला बेटाची फाळणी झाली, दक्षिण वेगळी होऊन स्वतंत्र झाली आणि उत्तरेचा भाग नॉर्दर्न आयर्लंड म्हणून ब्रिटनकडे राहिला. आता बघा, अल्स्टर प्रांतात काउंट्या नऊ. पण नऊच्या नऊ घेतल्या तर कॅथलिक चाळीस टक्क्यांच्या वर जात होते, बहुमत निसटतं राहणार. म्हणून डोनेगल, कॅव्हन, मोनाहन या तीन सोडून दिल्या आणि सहाच घेतल्या, म्हणजे दोन तृतीयांश प्रोटेस्टंट पक्के. अख्खं राज्यच प्रभागरचना करून बनवलं म्हणा ना. आणि खरी प्रभागरचना तर पुढे आहे.

महापालिका निवडणूक जवळ आली की आपल्याकडे सगळ्यांची नजर प्रभागरचनेवर असते, कुठली गल्ली कुठल्या वॉर्डात टाकली यावर कोण निवडून येणार ते ठरतं. डेरी शहरात १९६७ ला मतदार होते कॅथलिक साधारण १४,४०० आणि प्रोटेस्टंट साधारण ८,८००. नगरसेवक वीस. सरळ हिशोबाने नगरपालिका कोणाची यायला पाहिजे? पण वॉर्ड केले तीन. दक्षिण वॉर्डात दहा हजार कॅथलिक एकत्र कोंबले आणि त्यांना दिल्या आठ जागा. उत्तर वॉर्डात अडीच हजार कॅथलिक आणि जवळजवळ चार हजार प्रोटेस्टंट, तिथेही आठ जागा. नदीपलीकडच्या वॉटरसाइडला १,८०० कॅथलिक आणि ३,७०० प्रोटेस्टंट, तिथे चार. निकाल दर वेळी बारा विरुद्ध आठ, बहुमत युनियनिस्टांचं, म्हणजे ब्रिटनशी जोडलेलं राहू म्हणणाऱ्या, मुख्यतः प्रोटेस्टंट पक्षाचं. मी वर्गात आकडे देऊन मुलांनाच वॉर्ड पाडायला सांगायचो, कोणीतरी पाच मिनिटांत बरोबर हेच करून दाखवायचं, आणि मग वर्ग एकदम शांत व्हायचा.

त्यात अजून एक गोम. स्थानिक निवडणुकीत मत होतं फक्त घराचा कर भरणाऱ्याला आणि त्याच्या नवऱ्याला किंवा बायकोला. भाड्याच्या खोलीत राहणारा, आईबापाकडे राहणारा मोठा मुलगा, यांना मत नाही. गरीब प्रोटेस्टंटांनाही याचा फटका बसायचाच, पण मोठी कुटुंबं आणि घरांची टंचाई कॅथलिकांकडे जास्त. म्हणजे नगरपालिकेने घर दिलं की एका कुटुंबात दोन मतं तयार झाली. मग नगरपालिका घर देताना कोणाला देईल? म्हणून तिथली लढाई चर्चमध्ये सुरू झालीच नाही, घरवाटपाच्या यादीवरून सुरू झाली. जून १९६८ मध्ये टिरोन काउंटीतल्या कॅलेडन गावी एक नवं सरकारी घर एकोणीस वर्षांच्या अविवाहित प्रोटेस्टंट मुलीला मिळालं, ती युनियनिस्ट राजकारणाशी संबंध असलेल्या एका वकिलाकडे सेक्रेटरी होती. शेजारच्याच घरात लहान लहान पोरं असलेलं कॅथलिक कुटुंब बेकायदा घुसून राहिलं होतं, त्यांना पोलिसांनी ओढून बाहेर काढलं. ऑस्टिन करी हा तरुण आमदार त्या मुलीच्या घरात जाऊन बसला, त्यालाही काढलं, पण ते टीव्हीवर दिसलं. दोन महिन्यांनी पहिला नागरी हक्क मोर्चा निघाला, कोलआयलंड ते डंगॅनन. आणि ५ ऑक्टोबरला डेरीत मोर्च्यावर लाठ्या चालल्या त्या साऱ्या जगाने पाहिल्या. मागण्या काय होत्या? एक माणूस एक मत, घरांचं न्याय्य वाटप, वॉर्ड नीट करा. पोप नाही, मिस्सा नाही, संयुक्त आयर्लंडसुद्धा त्या यादीत नव्हतं.

ऑगस्ट १९६९ मध्ये सगळं हाताबाहेर गेलं. बेलफास्टच्या कॅथलिक वस्तीत एक गल्ली आहे तिचं नाव बॉम्बे स्ट्रीट, शेजारी काश्मीर रोड, साम्राज्याच्या काळात दिलेली नावं. १५ ऑगस्टला ती बॉम्बे स्ट्रीट जाळली. मी पाटी वाचली आणि पाय जागेवरच थांबले. घरं पुन्हा बांधली आहेत, पण मागच्या बाजूला उंच भिंत आहे आणि भिंतीपलीकडून दगड, बाटल्या पडू नयेत म्हणून घरांच्या मागच्या अंगणावर लोखंडी जाळ्या बसवल्यात, पिंजऱ्यासारख्या. त्या जाळीखाली एका घरी कपडे वाळत घातले होते, लहान मुलाचे. पलीकडे शँकिल, प्रोटेस्टंट कामगार वस्ती, तिथली घरं बघितली तर तशीच, विटाही त्याच. फक्त फुटपाथच्या कडा लाल, पांढऱ्या, निळ्या रंगवलेल्या. दोन्हीकडचे लोक सारखेच कष्टकरी, दोघांच्याही घरातली माणसं मेलीत.

पुढची तीस वर्षं भराभर सांगतो कारण ती जास्त लोकांना माहिती आहेत. ब्रिटिश सैन्य आलं, सुरुवातीला कॅथलिक बायकांनी त्या सैनिकांना चहा दिला, मग १९७१ ला खटल्याशिवाय तुरुंगात टाकणं सुरू झालं, ३० जानेवारी १९७२ ला डेरीत पॅराशूट रेजिमेंटने निःशस्त्र मोर्चेकऱ्यांवर गोळ्या घातल्या, तेरा जण तिथेच गेले, चौदावा नंतर, आणि ब्रिटिश पंतप्रधानाने संसदेत माफी मागायला २०१० उजाडलं. आयआरए म्हणजे संयुक्त आयर्लंडसाठी लढणारी सशस्त्र संघटना, तिने बाजारात, हॉटेलात बॉम्ब लावले, तिकडच्या लॉयलिस्ट, म्हणजे ब्रिटनच्या बाजूच्या सशस्त्र प्रोटेस्टंट, टोळ्यांनी कॅथलिक दिसला की मार असं धोरण चालवलं. १९८१ ला तुरुंगातल्या उपोषणात आयआरए आणि तत्सम गटांचे दहा कैदी मेले, त्यातला बॉबी सँड्स मरायच्या आधी खासदार म्हणून निवडून आला होता. एकूण साडेतीन हजारांच्या आसपास माणसं गेली, निम्म्याहून जास्त साधे नागरिक. साठेक टक्के हत्या आयआरए आणि तत्सम गटांनी केल्या, तीसेक टक्के लॉयलिस्टांनी, दहाएक टक्के सरकारी दलांनी. मी दोन्हीकडच्या एकाही खुन्याला हुतात्मा म्हणायला तयार नाही.

धर्म अजिबात नव्हता का? होता. इयान पेस्ली हे पाळक, त्यांनी १९५१ ला स्वतःचं चर्च काढलं, पोपला ते मनापासून ख्रिस्तविरोधी मानायचे आणि १९८८ ला युरोपियन संसदेत पोपसमोर उभं राहून तसं ओरडले. त्यांच्यामागे जाणाऱ्या हजारो लोकांची श्रद्धा खोटी नव्हती. पण तेच पेस्ली २००७ ला आयआरएचे जुने कमांडर मार्टिन मॅकगिनेस यांच्याबरोबर सरकारात बसले, आणि दोघांनी चांगलं काम केलं. पोपबद्दल पेस्लींचं मत बदललं म्हणून हे झालं नाही, सत्तेच्या वाटपाचा मार्ग निघाला म्हणून झालं. तो मार्ग म्हणजे १० एप्रिल १९९८ चा गुड फ्रायडे करार. त्यात तिथल्या माणसाला ब्रिटिश, आयरिश किंवा दोन्ही म्हणवून घ्यायचा हक्क मिळाला आणि लोकांच्या बहुमताशिवाय देश बदलणार नाही असं ठरलं. उत्तरेत ७१ टक्के लोकांनी हो म्हटलं.

पण गंमतीचा नाही, विचाराचा भाग पुढे आहे. भेदभाव मोडायला तिथल्या सरकारने पुन्हा तोच प्रश्न विचारला, तू कुठला. १९८९ च्या कायद्याने कंपन्यांना आपल्याकडे किती कॅथलिक किती प्रोटेस्टंट याची नोंद ठेवावी लागते, आणि कोणी सांगितलं नाही तर तो कुठल्या प्राथमिक शाळेत गेला त्यावरून ठरवतात. पोलिसात २००१ ते २०११ दहा वर्षं निम्मे कॅथलिक निम्मे इतर अशी भरती केली, कॅथलिक आठेक टक्के होते ते तीस टक्क्यांच्या आसपास गेले. आपल्याकडे जातीच्या दाखल्यावर जो वाद चालतो तोच तिकडेही चालतो, की विचारत राहिलात तर विसरणार कधी. माझं मत स्पष्ट आहे. घोडा काढून घ्यायला विचारणं आणि नोकरीचं दार उघडायला विचारणं यात जमीन अस्मानाचा फरक आहे, आणि आकडे नसते तर अन्याय होत होता हेच कोणी कबूल केलं नसतं. मात्र विधानसभेत अजूनही प्रत्येक सदस्याला युनियनिस्ट, नॅशनॅलिस्ट म्हणजे संयुक्त आयर्लंड हवं असणारा, की इतर हे लिहून द्यावं लागतं आणि महत्त्वाच्या ठरावांवर इतरवाल्याच्या मताला कमी वजन पडतं, हे मला खटकतं, ते बदलायला पाहिजे.

आता ताई तुमच्या शेवटच्या प्रश्नाकडे, तुम्ही दोघं तिकडे असता तर काय झालं असतं. १९७० च्या आसपास असता तर लग्न झालं असतं, पण बहुधा दोन्ही घरची माणसं चर्चमध्ये एकत्र बसली नसती. अशा जोडप्यांना इतका त्रास होता की १९७४ ला त्यांनी स्वतःची संघटना काढली. सगळ्यात अवघड प्रश्न लग्नाचा नव्हता, राहायचं कुठे हा होता, कारण दोन्ही वस्त्यांत एक जण परका, आणि रात्री दारावर थाप पडली तर दार कोणी उघडायचं हे ठरवून ठेवणारी घरं होती. मग मुलं. कॅथलिक शाळेत घालायचं की सरकारी, जी व्यवहारात प्रोटेस्टंटांची. १९८१ ला काही पालकांनी लॅगन कॉलेज ही दोघांची एकत्र शाळा काढली, पहिल्या दिवशी मुलं होती अठ्ठावीस. आजही अशा एकत्र शाळांत जाणारी मुलं शंभरात सात-आठच आहेत.

आत्ता गेलात तर तुम्हाला कोणी काही करणार नाही. २०२१ च्या जनगणनेत कॅथलिक घरचे ४५.७ टक्के आणि प्रोटेस्टंट घरचे ४३.५ टक्के झालेत, कोणीच बहुसंख्य नाही, आणि फेब्रुवारी २०२४ पासून शिन फेन या संयुक्त आयर्लंड मागणाऱ्या पक्षाच्या मिशेल ओनील मुख्यमंत्रीपदाच्या जागी आहेत, ज्या राज्याच्या सीमा हे कधी होऊ नये म्हणून आखल्या होत्या त्या राज्यात. माझ्या मुलीच्या बरोबर काम करणारं एक जोडपं आहे, ती फॉल्स या कॅथलिक वस्तीकडची, तो शँकिलकडचा. घरं एकमेकांपासून चालत दहा मिनिटांवर, पण मधे लॅनार्क वेचं लोखंडी फाटक आहे, ते संध्याकाळी बंद होतं. लग्नाआधी ती त्याच्या घरी जेवायला गेली की त्याची आई घड्याळाकडे बघायची आणि म्हणायची फाटक लागायच्या आत हिला सोडून ये, नाहीतर गावाला वळसा पडेल. ते दोघं आता शहराच्या दक्षिणेला राहतात, विद्यापीठाच्या बाजूला, जिथे फुटपाथला रंग नाही.